नानांची सेटिंग

सेटिंग म्हणजे आपल्या सागरच्या डाव्या हाताचा मळ! हे मी नाही, तो स्वतःच म्हणायचा, मांडवी बंदराच्या कट्ट्यावर बसून, रोज. प्रोग्रॅमच्या पोटात डीएलएल नावाची एक फाईल असते. अक्षर केवढं, पान कुठल्या रंगाचं, घंटी वाजवायची की नाही, सगळं ती ठरवते. ती मुठीत आली की कॉम्प्युटर पाळलेल्या मांजरासारखा मागे मागे येतो म्हणे!

तर ऐका. सहदेवनाना गेले आणि त्यांचं लग्नपत्रिकांचं दुकान त्यांच्या बायकोने, विमलाकाकूंनी, सागरच्या हाती दिलं. पण कच्चं, परीक्षेपुरतं! हातात एका पत्रिकेचं काम होतं. ते संध्याकाळपर्यंत निघालं तर दुकान चालू. नाही तर शटर ओढून काकू मुंबईला लेकीकडे आणि सागर पुन्हा कट्ट्यावर.

नेमका त्याच दिवशी नानांचा प्रोग्रॅम रुसला. उघडेचना. सागर कसला डगमगतोय! मागच्याच गल्लीत नानांचं घर, तिथे त्यांचा दुसरा कॉम्प्युटर, त्यात तोच प्रोग्रॅम. गेला, सेटिंगची ती डीएलएल फाईल पेनड्राइव्हवर घेतली, दुकानात आणून टाकली. चालू! शिट्टी वाजवत त्याने वधूवरांची नावं टाइप केली.

आणि अक्षरं फुगायला लागली.

हात कीबोर्डवर नाही, माऊसवर नाही. भर दुपार, रस्त्यावर चिटपाखरू नाही. आणि पडद्यावरची नवरी भिजत घातलेल्या पावट्यासारखी टम्म! त्याने अक्षर लहान केलं. जरा वेळ शांत. पुन्हा टम्म! मग पान पिवळं झालं, हळद लागल्यासारखं. मग घंटी वाजली. नाना असताना वाजायची तीच, देवघरातल्यासारखी. सागरने पाय कधी खुर्चीवर घेतले ते त्यालाही कळलं नाही.

घंटी ऐकून शेजारचा प्रमोद टेलर डोकावला, गळ्यात टेप तशीच. पडदा बघितला आणि दारातच थिजला.

"नानाच हे," तो पुटपुटला. "तीच घंटी. पिवळं पानही त्यांचंच."

सागरने त्याला ठणकावून सांगितलं की असलं काही नसतं. सांगताना आवाज फाटला, एवढंच.

प्रमोद गेला तो नारळ घेऊनच परतला. कॉम्प्युटरपुढे ठेवला आणि हात जोडून गाऱ्हाणं घातलं, "बा सहदेवनाना, पोरगा नवा हाय. काय चुकलं-माकलं असंल ते पोटात घाल, आनि अक्षर जाग्यावर आन रे म्हाराजा!"

"होय म्हाराजा!" भुतांवर विश्वास नसलेला सागर एवढ्या जोरात ओरडला की पत्र्यावरचे कावळे उडाले.

आणि शप्पथ सांगतो, कुणी बोटसुद्धा लावलं नाही. अक्षरं बारीक झाली. पान पांढरं झालं. दोघं एकमेकांचा हात धरून उभे! मग घाईघाईने त्यांनी पत्रिका छापली.

गठ्ठा बांधतायत तोच काकू आल्या. डोळे ओले, पण चेहरा उजळलेला.

"सागर, मुंबई रद्द रे. हे घरातच आहेत."

मग त्यांनी सांगितलं. नानांनी टाइप करून ठेवलेली जाखडी नाचाची गाणी वाचायला त्या बसल्या होत्या. दिसेना म्हणून अक्षर मोठं केलं, तर आपोआप बारीक. पुन्हा मोठं, पुन्हा बारीक. नानांना आवडायचं तसं पान पिवळं केलं, घंटीही लावून बघितली. तरी बारीक!

"शेवटी म्हटलं, करा तुमच्या मनासारखं. जन्मभर तेच केलंत. आणि मीच बारीक करून टाकलं, पानही पांढरं केलं. आता हे असं भांडत असताना मी घर सोडून जाऊ कशी?"

सागरच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. फाईल घरची, दोन्ही कॉम्प्युटर नेटवर नानांच्या एकाच खात्यात! इकडे केलं की तिकडे, तिकडे केलं की इकडे. म्हणजे काकू घरी भांडत होत्या त्या सागरशी, आणि इथे नारळ ठेवला तो काकूंना! सांगायला त्याने तोंड उघडलं. काकू हसत होत्या, नाना गेल्यापासून पहिल्यांदा. त्याने तोंड मिटलं.

तेव्हापासून रोज दुपारी काकू वाचायला बसल्या की हा इकडून अक्षर बारीक करतो. त्या मोठं करतात. थोडं भांडण झालं की हा हरतो.

मागच्या आठवड्यात सागरला ताप आला. दुकान बंद, कॉम्प्युटर बंद, किल्ली याच्या उशाखाली. संध्याकाळी काकू पेज घेऊन आल्या. खुशीत होत्या.

"आज तर यांनी कहरच केला रे," म्हणाल्या. "दुपारभर बारीक, बारीक, बारीक!"

सागरने गोधडी डोक्यावरून ओढून घेतली.

सेटिंग म्हणजे डाव्या हाताचा मळ, असं तो अजूनही म्हणतो. फक्त कॉम्प्युटर चालू करण्याआधी त्या डाव्याला उजवा हातही जोडतो.