शेषेरावांची बोराटी

नांदेडच्या एका महाविद्यालयाला मूल्यांकन समिती भेट देणार होती आणि महाविद्यालयाच्या नावावर एकही शोध नव्हता. संस्थेचे अध्यक्ष हणमंतराव यांना ही उणीव फार लागली. इमारत होती, कमान होती, कमानीवर वडिलांचं, कै. शेषेरावांचं, नाव होतं. शोध तेवढा राहून गेला होता. त्यांनी वनस्पतिशास्त्राच्या मल्लिनाथ सरांना बोलावलं.

मल्लिनाथ सर तासिका तत्त्वावर होते. म्हणजे शिकवतील तेवढे तास नोकरीत, उरलेला वेळ आशेवर. लग्न झालं, मुलगी शाळेत जाऊ लागली, केस पिकले, पण तत्त्व काही ढळलं नाही.

"सर, एखादी वनस्पती शोधा. नवी पाहिजे," हणमंतराव म्हणाले. "जागा मंजूर झाली की तुमचं काम पक्कं समजा."

सर गेले ते थेट आपल्या गावाकडं, शिरूर अनंतपाळच्या माळावर. तिथं बोराटीची झुडपं होती. गावातल्या सिंधुबाईच्या शेळ्यांनी वर्षानुवर्षं कुरतडून ती गुडघ्याखाली ठेवली होती. इवली पानं, गच्च काटे, उशीसारखा घाट. एरवी बोराटी पुरुषभर वाढते हे सरांना चांगलं ठाऊक होतं. दर वर्षी तेच तर ते शिकवत. झुडपासमोर ते बराच वेळ उकिडवे बसले. मग मंजूर होणारी जागा आठवली आणि पानं एकदम वेगळी दिसायला लागली.

शोधनिबंध छापून आला. छापणारं नियतकालिक उदार होतं; दारी आलेला शोध ते विन्मुख पाठवत नसे. अडलं ते नावापाशी.

"झिझिफस शेषेरावी," सर म्हणाले.

"शेषेरावी? हे तर बाईचं नाव वाटून राहिलं. आमचे वडील पैलवान होते, सर."

"लॅटिनमध्ये तसंच होतं, साहेब."

"मग निदान 'जी' तरी लावा."

लॅटिनमध्ये 'जी' लावायची सोय नव्हती. शेवटी पाटीवर 'झिझिफस शेषेरावी (कै.)' असं रंगवून मान राखण्यात आला.

जगात फक्त त्या माळावर उगवते म्हणजे दुर्मिळ. दुर्मिळ म्हणजे धोक्यात. धोक्यात म्हणजे कुंपण. माळाला काटेरी तार लागली, राखणदार बसला आणि शेळ्यांना मनाई झाली.

सिंधुबाई तणतणत आली. "सर, माझ्या शेळ्यांनी कुनाचं काय घोडं मारलं? बोराटीच खात व्हत्या न्हवं?"

"ती बोराटी नाही, सिंधुबाई."

"मंग काय हाय?"

सरांनी पाटीकडं बोट केलं. सिंधुबाईनं ती मोठ्यानं वाचली, एकदा झुडपाकडं, एकदा सरांकडं पाहिलं आणि शेळ्या हाकत बहिणीच्या गावाला निघून गेली.

समितीची भेट वर्षभर लांबली. पाऊस बरा झाला. कुंपणातली झुडपं निर्धास्त वाढली. पानं रुंदावली, फांद्या खांद्याला लागल्या, बोरंसुद्धा धरली. थोडक्यात, संवर्धन यशस्वी झालं आणि प्रजाती नामशेष झाली.

सर कात्री घेऊन माळावर धावले. राखणदारानं दुर्मिळ वनस्पती छाटताना त्यांना रंगेहाथ पकडलं. ती दुर्मिळ असल्याचा पुरावा म्हणून त्यानं सरांचाच निबंध पुढं केला. मग मात्र सरांचा धीर सुटला आणि ते अध्यक्षांसमोर उभे राहिले.

"साहेब, ती साधी बोराटीच आहे. शेळ्यांनी खाल्ली की तशी दिसते."

हणमंतरावांनी खिडकीतून कमानीवरच्या नावाकडं पाहिलं. मग हलकेच म्हणाले, "म्हणजे आमचे वडील साधी बोराटी?"

"तसं नाही, साहेब..."

"आणि शेळ्यांनी खाल्लेली?"

सरांनी सत्य जागच्या जागी मागं घेतलं. रीतसर चौकशी समिती नेमली गेली. तिनं दोन बैठका, एक स्थळपाहणी आणि पुष्कळ चहा यांनंतर निष्कर्ष काढला, की सदर प्रजातीच्या अस्तित्वासाठी शेळी हा अत्यावश्यक घटक असून तो तातडीनं उपलब्ध करून घ्यावा.

सरांनाच सिंधुबाईकडं धाडलं.

"आता शेळ्यांना सवड न्हाई," ती म्हणाली. "रोजंदारीवर तर मुळीच येनार न्हाईत. कायम करा, मंग बघू."

मूल्यांकन तोंडावर आलं होतं. नेमकी त्याच आठवड्यात विभागाची एक जागा मंजूर झाली. 'जैविक छाटणी सहायक' या पदावर सिंधुबाईच्या काळ्या शेळीची कायमस्वरूपी नियुक्ती झाली. तिचे दात तपासून पात्रतेचा दाखला देण्याचं काम विषयतज्ज्ञ म्हणून मल्लिनाथ सरांकडं आलं. दात चांगले होते. सरांनी तसं लिहून दिलं.

घरी मुलीनं, अक्षरानं, दारातच विचारलं, "पप्पा, झालात का कायम?"

"आमच्या विभागात एक झालं," सर म्हणाले आणि पाय धुवायला गेले. त्या दिवशी ते जेवले नाहीत.

शेळीनं मात्र नेकीनं नोकरी केली. समिती आली तेव्हा झुडपं पुन्हा गुडघ्याखाली होती; महाविद्यालयाला वरची श्रेणी मिळाली. आता झिझिफस शेषेरावी लातूर-नांदेडच्या रोपवाटिकांत कुंडीतून मिळते आणि चांगल्या घरांतून तिला मोठी मागणी आहे. तुमच्याही गॅलरीत आहे ती. पाहुणे आले की तुम्ही लॅटिन नाव अगदी अचूक सांगता. फक्त एक कळत नाही. ही जात बुटकी राहायची तर तिचे शेंडे रोज कुणीतरी कुरतडावे लागतात. तुमची तर अजून छान बुटकी आहे, आणि घरात शेळी कुठं दिसली नाही.