नाक उघडलं का?

माथेरानच्या खड्या चढणीवर मी धापा टाकत होतो आणि बरोबरच्या माणसाने पायातला मोजा काढून माझ्या नाकाखाली धरला. मी किंचाळलोच. गौतमकाकांनी शांतपणे विचारलं, "नाक उघडलं का रं?"

गौतमकाका भिसेगावातले आमचे शेजारी. जन्मभर माथेरानच्या हॉटेलात आचारी होते. फोडणी करपायच्या आधीच म्हणे त्यांना वास लागायचा. साथीच्या तापात सुमनकाकू गेल्या आणि काकांचं नाकही गेलं, कसलाच वास येईना. तेव्हापासून दर रविवारी कुणाला तरी पकडून ते डोंगर चढतात. "धाप लागल्याबिगर नाक उघडत नाय. खाली तुमी नुसता श्वास घेता." एकदा त्यांच्याबरोबर चढलेला माणूस पुन्हा त्यांना रस्त्यात दिसत नाही. या रविवारी मी सापडलो.

अर्ध्या वाटेतच मांड्या लटपटायला लागल्या, कानात ढोल वाजू लागला, तोंडात गंजक्या लोखंडाची चव आली. पाणी मागितलं तर म्हणाले, "आदी वास, मंग पानी." करवंदीचा पाला चुरगळून हुंगवला, मग तो मोजा. आणि खरं सांगतो, मी हादरलो. नाक खरंच उघडलं होतं! तापलेला कातळ, घोड्याची लीद, माझाच घाम, सगळं वेगवेगळं येत होतं.

"उघडलं, काका!"

त्यांनी खांद्यावरच्या पिशवीतून गाठ मारलेली प्लॅस्टिकची पिशवी काढली. आत काकूंचा थंडीत डोक्याला बांधायचा स्कार्फ होता.

"बघ. अजून येतो का तिचा वास?"

मी हुंगलं. आधी प्लॅस्टिक, मग खोबरेल, मग... गेलेल्या बाईबद्दल असं सांगावं तरी कसं?

"बोल की रं."

"मशेरीचा येतो," मी चाचरत म्हणालो.

काका मटकन खाली बसले. मी घाबरलो. पण ते डोळे पुसत हसत होते.

"सोडली म्हणून माज्या गळ्याची शपथ घेतलेली तिनं. चोरून लावायची. मला रोज वास यायचा, मी कदी बोललो नाय." मग म्हणाले, "आजवर आणले ते समदे माजं मन राखाया मोगरा म्हणाले. मला वाटलं, उडाला वास."

त्यांनी पिशवीला गाठ मारली, वर आणखी एक मारली, आणि पाण्याची बाटली माझ्या हातात दिली.

"हाय ती अजून," ते म्हणाले. "आता नाय उघडायची."