शालींखालचं गाणं

एका जंगलात, मुलांनो, सुभान नावाचा साळिंदर गिटार वाजवायचा. दचकू नका, या गोष्टीत वाघ नाही. मी मुद्दामच घेतला नाही. वाघ आला की मला पुढचं काही सुचत नाही.

गिटार त्याला सापडली होती. सहलीला आलेली माणसं वेफर्सची पाकिटं, एक चप्पल आणि ही गिटार टाकून गेली. वेफर्स माकडांनी पळवले, चप्पल तरसानं नेली. उरली गिटार.

सुभान तेव्हा एकटाच राहायचा. अंगावर हे एवढाले काटे, जवळ कोण येणार? त्यानं आपल्या दुःखाचं गाणं रचलं, 'मला मिठी कोण मारील?' एका संध्याकाळी पाणवठ्यावर ते म्हटलं आणि सगळं जंगल ढसाढसा रडलं. रानडुकरं एकमेकांच्या गळ्यात पडली. डोळे पुसायच्या नादात दोन बगळे पाण्यात पडले.

अशा काळजातल्या गाण्याला शहरात 'सोल' म्हणतात. जंगलात 'अरे देवा, पुन्हा म्हण' म्हणतात.

ते गाणं ऐकून चंद्री नावाची साळिंदरीण लांबून चालत आली. तिनं एकच विचारलं, "काटे मिटून बसता येतं का?"

सुभाननं काटे मिटले. लग्न झालं.

इथं खरं तर गोष्ट संपायला हवी होती. पण सुभान आता प्रसिद्ध झाला होता ना!

चंद्री पाणवठ्यावर गेली की हरिणी हळूच विचारायच्या, "वहिनी, अजून नाही का हो मारली त्यांना कुणी मिठी?"

चंद्री घरी येऊन कळशी आदळायची. "अहो, लाज आणलीत! सगळं जंगल तुमची कीव करतंय. मग मी काय करते घरात, झाडलोट?"

सुभान घाबरला. त्यानं घाईघाईनं नवीन गाणं रचलं, 'हळू ये, पण रोज ये.' फार गोड होतं. चंद्रीनं ते चुलीपाशी ऐकलं आणि लाजून पदराची पार गुंडाळी केली. मग म्हणाली, "मला एकटीला नको. सगळ्यांसमोर वाजवा. नाहीतर मी निघाले माहेरी."

आता यात अवघड काय? प्रसिद्ध कलावंताला लोक बोलावतातच. सुभानलाही बोलवत होते, रोज बोलवत होते. सत्काराला.

त्या जंगलाची रीतच तशी. आधी दीप, मग शाल, मग श्रीफळ, मग भाषणं. सुभानच्या अंगावर घातलेली शाल काट्यांत अडकायची. ती निघायची नाही, म्हणून दुसरी तिच्यावरच घालायचे. हात आत, गिटार बाहेर. शेवटी निवेदिका कोल्हीणबाई गोड आवाजात सांगायच्या, "वेळेअभावी सुभानजींचं गाणं होऊ शकणार नाही. पण ते आपल्या हृदयात वाजतच आहे, नाही का?"

सगळे म्हणायचे, "हो!"

चंद्री घरी शाली उसवत बसायची आणि एक अक्षर बोलायची नाही. ती बोलली नाही की सुभानला जास्त भीती वाटायची. (कुणालाही वाटेल.)

मग आला सगळ्यांत मोठा सत्कार. अध्यक्षपदी गवाजीराव, म्हणजे रानगवा. चंद्री पहिल्या रांगेत बसली होती. मांडीवर गाठोडं होतं.

गवाजीराव उठले. "मी फार वेळ घेणार नाही," ते म्हणाले.

मुलांनो, हे वाक्य ऐकलं की पाण्याची बाटली जवळ घ्या.

गवाजीराव स्वतःच्या बालपणापासून सुरू झाले. त्यांचं बालपण सरता सरेना. मध्येच ते गहिवरले, "या बिचाऱ्या सुभानला आजवर एकानंही मिठी मारली नाही!"

चंद्री उठली. गाठोडं काखेत मारलं आणि चालू लागली.

सुभाननं ते पाहिलं आणि त्याच्या अंगावरचे सगळे काटे एकदम उभे राहिले. टर्र! टरार्र! शालींच्या चिंध्या उडाल्या, नारळ गडगडत श्रोत्यांत शिरले, एक ससा बेशुद्ध पडला.

"बस की रे खाली, गव्या!" सुभान ओरडला.

गवाजीराव मटकन बसले.

सत्कार समितीनं तिथल्या तिथं ठराव केला. सुभानवर वर्षभर बहिष्कार. त्याला शाल नाही, नारळ नाही. त्याचं गाणं कुणी ऐकायचं नाही.

सुभान गिटार घेऊन धावत चंद्रीच्या मागे गेला. ती बिळाच्या तोंडाशी थांबली होती.

"तू जाण्याआधी एकदा ऐक," तो म्हणाला.

"सगळ्यांसमोर म्हणाले होते मी."

"सगळे कुठून आणू? बहिष्कार आहे."

त्यानं तारा छेडल्या. पहिलं कडवं झालं आणि मागचं झुडूप हुंदका देऊन रडलं. चंद्रीनं वळून पाहिलं. प्रत्येक झाडामागे कुणीतरी होतं. हरिणी होत्या, बगळे होते, शुद्धीवर आलेला ससा होता. करवंदीच्या जाळीमागे गवाजीराव होते, म्हणजे त्यांचं नाक तेवढं मागे होतं, बाकी सगळे गवाजीराव बाहेर. पण कुणी कुणाला ओळख दाखवेना. दाखवणार कशी? बहिष्कार होता.

गाणं संपलं. टाळी कुणी वाजवली नाही, कारण तिथं कुणी नव्हतंच. कोल्हीणबाई सवयीनं आभार मानायला उठल्या आणि आपण आलेलोच नाही हे आठवून परत बसल्या.

चंद्रीनं गाठोडं खाली टाकलं आणि सुभानला घट्ट मिठी मारली. दुसऱ्या दिवशी, कुणीच न पाहिलेल्या त्या मिठीची जंगलभर चर्चा होती.

त्यानंतर सुभान रोज वाजवायचा. नवी नवी गाणी रचायचा. एवढी गाणी त्या जंगलानं आधी कधी ऐकली नव्हती आणि तेव्हाही, अर्थात, ऐकत नव्हतं.

वर्ष संपत आलं. एका सकाळी गवाजीराव इकडेतिकडे बघत सुभानच्या बिळाशी आले.

"सुभान, बाबा, मला चारचौघांत मनाला लागेल असं काहीतरी बोल ना."

"का हो?"

"अरे, बहिष्कार उठेल उद्या! मग सत्कार आला, आणि मग मला भाषण करावं लागेल." त्यांनी नाक बिळात खुपसलं. "मला ते नवीन गाणं ऐकायचंय रे."

तात्पर्य : मुलांनो, थोरामोठ्यांचा भरसभेत अपमान करावा, त्यांना तो हवा असतो. आणि एखादा कलावंत मनापासून आवडला, तर त्याच्याशी संबंध ताबडतोब तोडावेत.