आवाज बंद, चर्चा चालू

टीव्हीवरची बातम्यांची चर्चा आवाज पूर्ण बंद करून बघणारा भिवंडीतला एकमेव माणूस म्हणजे आमचा हिरामणदादा. माझ्या कापड विणणाऱ्या आठ लूमचा जॉबर. बिघडलेला लूम दुरुस्त करणं हे त्याचं काम आणि रविवारी संध्याकाळी माझ्या घरी येऊन टीव्हीवाल्यांना बिघडवणं हा छंद.

"शेट, आवाज मारा त्याचा," म्हणत तो टीव्हीशेजारी उभा राहायचा. बसणं त्याला ठाऊकच नव्हतं. पडद्यावर चष्मेवाले विद्वान सरकारची आरती ओवाळू लागले, की हा त्यांच्या ओठांवर आपले शब्द बसवायचा. निवडणुकीनंतर सरकार बदललं, चष्मेवाला मात्र तोच राहिला. हिरामणदादा त्याच्यासारखीच मान डोलवत म्हणाला, "कालचा शेट लय नालायक व्हता. आजचा शेट देवमानूस हाय. उद्याचा कोन, तेवढा आधी सांगून ठेवा."

अख्खी आळी हसायची. शेट असून मीही हसायचो. विद्वान फारच रंगात आला की दादाचा शेरा ठरलेला: "धागा तुटला, लूम चालूच." असलं भोकं पडलेलं कापड कोण घेतो, हे भिवंडीत कुणाला सांगावं लागत नाही.

एका रविवारी आवाजाचं बटण फिरवताना माझ्या हातातच आलं. चष्मेवाला घर दणाणून बोलू लागला. हिरामणदादा आमच्याकडे तोंड करून आपलं चालवतच होता. दोन आवाजांचा नुसता गुंता झाला. कुणी हसेना. तेव्हा तो थांबला आणि एकेकाचं तोंड बघू लागला.

"काय झाला?"

मग मला वर्षभराचं सगळं आठवलं. लूमला कान न लावता तळहात लावणारा दादा. मागून हाक मारली तर न वळणारा दादा. मी तो त्याचा ताठा समजत होतो. लूमच्या खडखडाटात सगळेच ओठ वाचून बोलतात, म्हणून पत्ता लागला नाही. जॉबरचं काम कानांवर चालतं आणि याचे कानच गेले होते. मला माझीच लाज वाटली.

सोमवारी त्यानं काम सोडायचं म्हणून पान्यांची पिशवी माझ्या टेबलावर ठेवली. पण जाईना. दारात येरझाऱ्या घालत राहिला.

"शेट, एक इचारू? माझा आवाज कसा येतो आता? मला आयकू येत न्हाय. त्या चष्मेवाल्यासारखा त न्हाय ना?"

मी त्याच्यासमोर उभा राहिलो, ओठ नीट दिसतील असा. पिशवी त्याच्या हातात दिली.

"धागा शाबूत आहे, दादा. तीन नंबरचा लूम बंद पडलाय. हात लावून बघा."

"परत एकदा बोला, शेट."

ओठ वाचण्यात तो कधी चुकत नसे. मी परत बोललो.