आवाज फक्त माझ्यापुरता

अ‍ॅक्टिव्ह डी.आय. बॉक्स म्हणजे काय, हे आमच्या इमारतीत माझ्याइतकं कुणालाही कळत नाही, हे मी छातीठोकपणे सांगतो! खोटं वाटत असेल तर रखवालदाराला विचारा. त्याला मी कितीदा तरी समजावून सांगितलंय. परवा त्याने मला लांबूनच येताना पाहिलं आणि पाण्याचा पंप बघायला म्हणून जो गेला, तो गेलाच.

तुम्ही तरी पळू नका. सोपं आहे. मी बेस गिटार वाजवतो. तिचा आवाज वायरीतून निघतो तेव्हा अगदी अशक्त असतो. लांबलचक वायरीतून मागे साउंडवाल्यापर्यंत पोचेस्तोवर 'घूंऽऽ' अशी घरघर सोबत घेऊन जातो. मध्ये ही डबी लावली की आवाज ठणठणीत, घरघर बंद! अ‍ॅक्टिव्ह म्हणजे डबीला स्वतःला वीज लागते. एकतर आत सेल घाला, नाहीतर साउंडवाला त्याच्या मिक्सरमधून त्याच वायरीने वीज पाठवतो. तिला म्हणतात फँटम. डबीवर एक खटका असतो, इकडे केला की सेल, तिकडे केला की फँटम. संपलं!

मुलीलाही फोनवर हे सगळं सविस्तर सांगितलं. ती म्हणाली, "बाबा, जेवलात का?"

तर डबी घ्यायची वेळ का आली? आमचा एक हौशी वाद्यवृंद आहे. अकॉर्डियनवाले मास्तर आमचे प्रमुख, ड्रमवर दातांचे डॉक्टर, गायला बँकेतल्या कॅशियरबाई, आणि असेच आणखी दोघं-तिघं. दर गुरुवारी संध्याकाळी वाचनालयाच्या वरच्या खोलीत तालीम. माझ्या घरघरीला सगळे विटले होते. शेवटी मास्तर म्हणाले, "आता हॉलमधला कार्यक्रम आहे, त्याचं रेकॉर्डिंगही होणार आहे. त्यातही घूं आलं, तर मग तुम्ही गुरुवारी आपले ऐकायला येत जा."

ऐकायला! म्हणजे 'या, कोपऱ्यात बसा' आणि पुढच्या महिन्यात 'अरे, ते हल्ली येत नाहीत वाटतं?' मला काय कळत नाही होय? ही गेल्यापासून माझ्याशी बोलायला घरात आहे कोण? कुकर! तोही नुसत्या शिट्ट्या मारतो. आठवड्यातून एकदा माणसांत बसायला मिळतं, तेही गेलं तर मी करायचं काय?

म्हणून डबी आणली. तिच्यावर मोहरीएवढा लाल दिवा आहे. वायर खोचली की लागतो. संध्याकाळी घरात शिरलो की समोर तो दिसायचा, आणि खरं सांगतो, घरात कुणीतरी आहे असं वाटायचं. म्हणून मी वायर काढायचोच नाही. वायर आत असेपर्यंत सेल जळत राहतो, असं माहितीपत्रकात ठळक छापलं होतं. मी ते रखवालदाराला मोठ्याने वाचूनसुद्धा दाखवलं होतं!

कार्यक्रमाच्या दिवशी साउंडवाल्याने विचारलं, "काका, फँटम देऊ ना?"

"काही गरज नाही! आपला सेल आहे!" मी म्हणालो. कुणाचा पाय लागू नये म्हणून खटका सेलवर ठेवून वर चिकटपट्टीही मारली. चाचणीला आवाज खणखणीत आला. साउंडवाल्याने अंगठा दाखवला. मी डॉक्टरांकडे असं बघितलं, जसं काही डबीचा शोध मीच लावलाय.

पडदा उघडला. पहिलं गाणं सुरू झालं आणि सेलने राम म्हटला! पण मला कळणार कसं? डबीतून दुसरी वायर माझ्या पायाजवळच्या छोट्या स्पीकरला जाते आणि तिला सेलबिल काही लागत नाही. मला माझा आवाज झकास ऐकू येत होता. ड्रमच्या दणदणाटात बाकी कुणाला तो येत नव्हता. आणि हॉलला तर नव्हताच.

मागून साउंडवाला हात हलवायला लागला. मला वाटलं, खूश झालाय! मी मान डोलावली. त्याने बोटाने माझ्या पायांकडे दाखवलं. म्हटलं, ठेका धरा म्हणतोय. मी असा पाय आपटायला लागलो की कॅशियरबाई दचकून एक ओळ विसरल्या. मग त्याने खटका सरकवल्यासारखं बोट आडवं फिरवलं. पुन्हा फिरवलं. अच्छा, सरका म्हणतोय! मी सरकलो. त्याने आणखी जोरात फिरवलं, मी आणखी सरकलो. शेवटच्या गाण्यात त्याने कपाळावर हात मारून घेतला, तेव्हा मी निम्मा पडद्यात होतो आणि जीव तोडून वाजवत होतो.

कार्यक्रम संपला. मास्तरांनी येऊन मला मिठीच मारली!

"एकदासुद्धा घूं नाही! अहो, आज तुमचं वाजवणं कुठे म्हणजे कुठे खुपलं नाही!"

एक बाई मुद्दाम भेटायला आल्या. "तुम्ही काय वाजवत होता ते कळलं नाही, पण दिसत फार छान होता," म्हणाल्या.

नंतर सगळे चहाला गेलो. मला मधली खुर्ची दिली. डॉक्टरांनी माझ्या दातांची चौकशी केली. इतका आनंद मला कितीतरी दिवसांत झाला नव्हता. "आता रेकॉर्डिंग ऐकू, मग तुमचं पक्कंच," मास्तर म्हणाले.

दुसऱ्या दिवशी साउंडवाल्याचा फोन. "काका, प्रत्येकाचं वेगवेगळं रेकॉर्ड केलंय. स्क्रीनवर तुमच्या आवाजाची रेघ सरळ सपाट आहे. हॉलमध्ये तुम्ही वाजलाच नाहीत."

म्हणजे मी कुणाला ऐकू आलो नाही, म्हणून सगळ्यांना आवडलो! चहा, मिठी, मधली खुर्ची, सगळं त्या शांततेचं होतं.

"मास्तरांना सांगू नकोस रे," मी कसाबसा म्हणालो.

"नाही सांगत. स्टुडिओत या. बाकीच्यांचं तयार आहे, त्यावर तुमचं परत वाजवून घेऊ. आणि काका, फँटम मीच देणार!"

गेलो. काचेच्या खोलीत एक खुर्ची. चिकटपट्टी त्यानेच सोलली, खटका सरकवला, कानावर हेडफोन चढवले आणि काचेपलीकडे जाऊन बसला. आणि काय सांगू, सगळे आले की हो! मास्तरांचं "एक, दोन" अगदी कानाशी. कॅशियरबाईंनी घेतलेला श्वास. डॉक्टरांचं खाकरणं. सगळे माझ्याभोवती बसलेत आणि कुणीही माझ्यावर वैतागलेलं नाही! मी वाजवलं. देवाशप्पथ, आयुष्यात असं वाजवलं नव्हतं.

गाणं संपलं आणि टाळ्यांचा कडकडाट झाला. मला भरूनच आलं. मी गिटार सांभाळत उठलो, कमरेत वाकून नमस्कार केला, मग डावीकडे केला, मग उजवीकडे.

हेडफोनमध्ये साउंडवाल्याचा आवाज आला, अगदी हळू. "काका, फार सुंदर झालंय. मास्तर नाही म्हणूच शकणार नाहीत. पण बसा आता. त्या टाळ्या त्या दिवशीच्या आहेत."

मी बसलो.

"एवढं एकच गाणं पाठवलं तरी तुमचं काम होईल," तो म्हणाला. "की सगळा कार्यक्रम वाजवायचाय? बराच वेळ जाईल हं. आहे तेवढा वेळ?"

म्हटलं, "बाबा रे, तेवढाच तर आहे! लाव पहिल्यापासून."