फिर्यादी कँटीनमध्ये होता

चेन्नईच्या अण्णा नगरात आमच्या खालच्या मजल्यावर राहणारे सेतुमाधवराव कुठंही वेळेवर पोचत नाहीत. ते तासभर आधी पोचतात. लग्नाला गेले तर मांडवात फुलांच्या माळा बांधणाऱ्यांच्या शेजारी खुर्ची टाकून बसलेले. दवाखान्यात गेले तर कंपाउंडर कुलूप उघडायच्या आधी हे पायरीवर. वर मलाच विचारणार, "कुळकर्णी सार, तुमची ट्रेन चुकत नाही कां कधी?"

घराणं तंजावरकडचं. मराठी दोनशे वर्षं जुनी, तिला हेल तमिळचा. मी बँकेच्या बदलीनं पुण्याहून आलेला, तेव्हा माझं मराठी त्यांना ‘फार घाईचं’ वाटतं.

असा माणूस कोर्टात गैरहजर राहिला म्हणून त्याची फिर्याद फेटाळली गेली, हे कुणाला सांगून पटेल का?

त्याचं असं झालं. नटेसन हे त्यांचे जुने दोस्त. तीस वर्षं दोघं एका कारखान्यात, एकाच बाकावर डबा खाणारे. मुलीच्या लग्नाला नटेसननी यांच्याकडून साठ हजार घेतले, परतफेडीचा चेक दिला आणि तो बाउन्स झाला. झाला तर झाला. पण त्या दिवसापासून रोज संध्याकाळी कॉफीला येणारे नटेसन येईनासे झाले. रस्ता बदलून जायला लागले. दार वाजवलं की आतून आवाज, "गावाला गेलेत." शेवटी सेतुमाधवरावांनी वकिलाची नोटीस धाडली आणि फिर्याद लावली. मग दर तारखेला दोघं कोर्टाच्या एकाच बाकावर, तोंडं दोन दिशांना.

त्या तारखेला नेमकी अमावास्या. नटेसन तर्पण आटोपून उपाशीपोटी धावत आलेले, त्यात साखरेचा आजार. बारा वाजता त्यांना दरदरून घाम फुटला. झालं! सेतुमाधवराव उठले, आरोपीचा दंड धरला आणि त्याला कँटीनमध्ये नेऊन समोर बसून खायला घातलं. इकडे पुकारा झाला. सेतुमाधवरावांचा वकील दुसऱ्या कोर्टात अडकलेला; नटेसन यांचा वकील चुणचुणीत, तो अशिलाच्या वतीनं उभा राहिला. फिर्यादी गैरहजर, फिर्याद फेटाळली, आरोपी सुटला. फिर्यादी त्या वेळी आरोपीसाठी आणखी सांबार मागत होते!

मी कपाळावर हात मारला. फेटाळलेली फिर्याद त्या कोर्टाला पुन्हा उभी करता येत नव्हती, त्यासाठी हायकोर्टात जाणं आलं.

"जाऊ द्या हो राव," मी म्हटलं, "साठ हजारांपायी किती खर्च कराल?"

"अय्यो, पैशाची गोष्ट कोण काढलं? खटला परत उभा राहायचा. बस!"

त्यांच्या वकिलानं सुचवलं, ताप आला होता असं लिहू. तर म्हणतात कसे, "ताप नव्हता. इडली होती." प्रतिज्ञापत्रात ‘अस्कं’, म्हणजे सगळं, खरं लिहवून घेतलं.

हायकोर्टात अर्थातच आम्ही तासभर आधी. न्यायमूर्तींनी कागद वाचून चष्मा काढला. "आरोपीला खायला घालत होतात? हे खरं कशावरून?"

तेवढ्यात मागच्या बाकावरून नटेसन उठले. त्यांचा वकील शर्ट ओढून त्यांना खाली बसवत होता, तरी उभेच राहिले.

"खरं आहे, साहेब," ते तमिळमध्ये म्हणाले. "दोन इडल्या, एक वडा. पैसेही त्यानंच दिले."

सुटलेला माणूस आपल्या तोंडानं परत अडकला! फिर्याद पुन्हा दाखल झाली. बाहेर पडेपर्यंत नटेसन मात्र गर्दीत नाहीसे झाले होते.

परतीच्या बसमध्ये सेतुमाधवराव खुशीत होते. न राहवून मी विचारलं, "राव, खरं सांगा. हा खटाटोप कशासाठी?"

ते खिडकीबाहेर बघत म्हणाले, "सार, आमची बायको गेली. मुलगा अमेरिकेत. घरी बसून कोणाची वाट बघू? म्हणून सगळीकडे आधी जाऊन बसतों. तिथं कोणीतरी येणार, हे ठाऊक असतं." मग हळूच म्हणाले, "नटेसन तारखेला येतो. तारीखच गेली तर तो कुठं भेटायचा?"

चार वर्षं मी या माणसाच्या तासभर आधी पोचण्याची थट्टा करत होतो. मला माझीच लाज वाटली.

पुढच्या तारखेला मी रजा काढून त्यांच्याबरोबर गेलो. कोर्ट साडेदहाचं, आम्ही साडेनऊला. व्हरांडा रिकामाच असणार म्हणून मी पेपर काढला होता. पण बाकावर नटेसन बसले होते. मांडीवर डबा, शेजारी कॉफीचा फ्लास्क आणि दोन पेले.

"काय डा सेतू," ते जुन्या सलगीनं म्हणाले, "किती उशीर?"

सेतुमाधवरावांनी घड्याळाकडे पाहिलं, मग नटेसनकडे. "चुकलं," म्हणाले, आणि त्यांना खेटून बसले.