रेगेकाकांचे ओरोमो

जपानातल्या आमच्या हिगाशी-कसाईच्या बिल्डिंगमध्ये कोणाचंही कोणाशीही भांडण झालं, की रेगेकाका चौथ्या मजल्यावरून खाली येतात आणि ओरोमो लोकांचा इतिहास सांगायला लागतात.

भांडण कशावरून आहे याच्याशी त्यांना देणंघेणं नसतं. मागे फक्त जाळायचा कचरा ठेवायच्या दिवशी कोणीतरी काचेच्या बाटल्या ठेवल्या. तळमजल्यावरचे रेड्डी म्हणाले, हे मराठी लोकांचं काम. आमचे मराठी लोक म्हणाले, पिशवीला सांबाराचा वास येतोय. जपानी केअरटेकर दोन्ही पक्षांना वाकून नमस्कार करत होता आणि मनात काय म्हणत होता ते देव जाणे. एवढ्यात काका पायजम्यात अवतरले. "सोळाव्या शतकात," ते म्हणाले, "ओरोमो दक्षिणेकडून वर सरकायला लागले, तेव्हा वाटेत त्यांना किती जमाती भेटल्या असतील?" रेड्डींना ऑफिसची ट्रेन गाठायची होती. त्यांनी मुकाट्यानं बाटल्या उचलल्या. भांडण मिटलं ते काकांमुळेच, पण काका समजतात त्या कारणानं नव्हे.

ओरोमो म्हणजे इथियोपियातला सर्वांत मोठा समाज. हे मला ठाऊक असण्याचं काही कारण नव्हतं. मी पुण्याची, सॉफ्टवेअरमधली, आणि नवऱ्याच्या आग्रहाखातर इथल्या मराठी मंडळाची चिटणीस. पण काकांच्या शेजारी राहून माणूस किती काळ अडाणी राहणार? काका एका जपानी कंपनीसाठी कॉफी खरेदी करायचे. त्यासाठी जिम्मा नावाच्या गावी त्यांनी बरीच वर्षं काढली. लोक परदेशातून चॉकलेटं आणतात. हे गृहस्थ एका अख्ख्या समाजाचा इतिहास घेऊन आले आणि रिटायर झाल्यावर तो वाटायला बसले. लग्न केलं नाही, त्यामुळे थांबवणारंही कोणी नाही.

त्यांच्यासमोर अदिस अबाबा म्हणायची सोय नाही. "फिनफिने म्हणा," ते लगेच टोकतात, "तेच ओरोमोंचं नाव." शहरांच्या नावांवरून भांडण्यात आपलाही हात कोणी धरणार नाही, म्हणून मी फिनफिने म्हणते. त्यांच्या घरी कॉफी प्यायला जायचं म्हणजे संध्याकाळ मोकळी ठेवून जायचं. काका हिरव्या बिया तव्यावर भाजतात, धुराचा अलार्म बोंबलतो, काका स्टुलावर चढून त्याला टॉवेल गुंडाळतात. मग एकापाठोपाठ तीन फेऱ्या. तिसरी फेरी झाल्याशिवाय उठलात तर तो यजमानाचा अपमान. मीठ आणि लोणी घातलेली ती कॉफी पहिल्या फेरीला घशाखाली उतरत नाही. तिसरीपर्यंत तुम्ही शरण आलेले असता.

मंडळाच्या सभेत ते नेहमी पहिल्या रांगेत. अध्यक्ष पाठारे यांना त्यांनी एकदा भर सभेत 'गदा' समजावून सांगितलं. ओरोमोंची ती जुनी राज्यपद्धत: आठ वर्षं झाली की नेत्यानं खुर्ची पुढच्या फळीकडे द्यायची आणि गुमान घरी जायचं. पाठारे मंडळाच्या जन्मापासून अध्यक्ष आहेत. ते म्हणाले, "काका, देऊ की! पण आपली पुढची पिढी मराठी बोलते कुठे?" हे मात्र खरं. माझ्याच मुलाला मराठीत बोल म्हटलं, तर तो "उरुसाई!" म्हणून दार लावून घेतो. किटकिट करू नकोस, असा त्याचा साधारण अर्थ.

"झाडाखाली बसा आधी," हे काकांचं पालुपद. ओरोमो मोठमोठे निवाडे झाडाखाली बसून करतात, आणि ते झाड आपल्या औदुंबराच्या भाऊबंदांपैकी, हे सांगताना काकांचा चेहरा असा काही खुलतो, जणू त्यांनीच ते लावलंय. एकदा मी चिडून विचारलं, "काका, तुमचे ओरोमो काय सगळे संत होते का?" तर म्हणाले, "छे हो! तलवारी चालवल्या, मुलूख घेतले. नंतर त्यांच्यावरही चालल्या, त्यांची भाषा शाळेतून हद्दपार झाली. आजही रक्त सांडतंय. पण जिंकलेल्यांना आपल्या कुळात घ्यायची रीत त्यांच्याकडे होती. मोग्गासा. एकदा घेतला की तो आपला. मग मागचं काढायचं नाही." मी मनात म्हटलं, सांगायला बरं असतं.

मग गमेचू आला. म्हणजे काकांनीच त्याला पकडून आणला. स्टेशनवर तो फोनवर बोलत होता, ती भाषा काकांनी ओळखली, आणि बिचारा तीन फेऱ्या कॉफी प्यायला आमच्या चौथ्या मजल्यावर पोचला. गमेचू ओरोमो, त्याची बायको सेलाम अम्हारा, म्हणजे ओरोमोंवर राज्य केलेल्या समाजातली. तिकडे या दोन समाजांत इतकं बिनसलं, की त्याच्या घरचे म्हणू लागले तिला पाठव, तिच्या घरचे म्हणू लागले परत ये. दोघांनी दोन्ही घरं सोडली. आता गमेचू इथल्या कारखान्यात पत्रे कापतो, आणि ललिसे नावाची त्यांची मुलगी शाळा सुटली की काकांकडे असते.

काका गमेचूलाही ओरोमोंचा इतिहास सांगतात. तो मान खाली घालून ऐकतो. मला एकदा जपानीत म्हणाला, "रेगे-सानना ओरोमोंबद्दल सगळं माहीत आहे. मला फक्त ओरोमो माणसं माहीत आहेत." सेलाम हसून म्हणाली, "यांच्या गोष्टीत आमचे लोक नेहमी दुष्ट. पण कॉफी मला पहिली देतात."

यंदा गणपतीच्या लेझीममध्ये ललिसेनं नाव दिलं आणि मंडळाला एकदम संस्कृतीची काळजी वाटू लागली. आईबापांपैकी किमान एक मराठी असलेल्या मुलांनाच प्रवेश, असा ठराव पाठाऱ्यांनी आणला. लेझीमच्या तालमीत सगळी मुलं आपसांत जपानीत बोलतात. "पुढचा हात कोणता?" असं मराठीत विचारणारी एकटी ललिसे. तिला कोणी सांगितलंच नव्हतं की इथे मराठी बोलायचं नसतं. पण ठराव आईबापांबद्दल होता. पोरीनं नवी लेझीम उशाशी घेऊन झोपायला सुरुवात केली होती, असं सेलामनं मला सांगितलं, आणि चिटणीस असल्याची मला पहिल्यांदा लाज वाटली.

सभेला काका कपडे वाळत घालायची काठी घेऊन आले. ओरोमो बाया अशी काठी घेऊन भांडणाऱ्या पुरुषांच्या मध्ये उभ्या राहिल्या, की पुरुषांनी हत्यार खाली ठेवायचं असतं म्हणे. काठी त्यांनी माझ्या हातात दिली. मी ती घेऊन मधोमध उभी राहिले. पुरुष बोलतच राहिले.

काकांनी मोग्गासा सांगितला. पाठारे हसले. "काका, हे सगळं पुस्तकात ठीक आहे. दत्तक तो शेवटी दत्तकच. रक्ताचं ते रक्ताचं."

काकांनी ओरोमोंचा विषयच सोडला. असं यापूर्वी कधी झालं नव्हतं. सगळेच जरा चपापले.

"मी दत्तक आहे, पाठारे," ते म्हणाले. "जन्मानं परब. लहानपणी रेग्यांकडे आणलं. खाण्यापिण्यात कधी कमी केलं नाही त्यांनी. फक्त पाहुणे आले की सांगायचे, हा आमचा दत्तक. वडील गेले तेव्हा अग्नी चुलतभावानं दिला. खरा रेगे हवा म्हणाले. जिम्मात एका म्हाताऱ्यानं माझं कूळ विचारलं, तेव्हा मीही सवयीनं तेच सांगितलं. तो भयंकर संतापला. म्हणाला, आमच्याकडे घेतलेल्या मुलाला असं कोणी म्हणालं, तर म्हणणाऱ्याला झाडाखाली उभं करतात. तुला स्वतःबद्दल असं बोलायला शिकवलं कोणी?" काकांनी चष्मा काढून पुसला. "माझ्या वतीनं चिडलेला तो पहिला माणूस, हो."

कोणी काही बोलायच्या आत दारावर टकटक झाली आणि हॉलचा माणूस वाकून म्हणाला, वेळ संपली. जपानात वेळ संपली म्हणजे संपली. ठराव मताला न टाकताच खुर्च्या आवरल्या गेल्या. दुसऱ्या दिवशी पाठाऱ्यांचा फोन आला. "नाचू दे पोरीला," ते म्हणाले. आवाज पडला होता. मीही मग जास्त ताणलं नाही.

गणपतीत पाठारेच माइकवर होते. लेझीम सुरू होण्याआधी प्रत्येक मुलाचं पूर्ण नाव पुकारायची आमची पद्धत आहे. आडनाव कळल्याशिवाय मराठी माणसाला टाळी वाजवता येत नाही. "कुमारी ललिसे गमेचू..." पाठारे अडखळले. ओरोमोंना आडनावच नसतं. खाली बसलेला गमेचू गोंधळून उठायला लागला. पाठाऱ्यांनी माइक मुलीपुढे धरला. "बाळा, आडनाव काय?"

"रेगे," ललिसे म्हणाली.

पाठाऱ्यांनी एकवार काकांकडे पाहिलं आणि खणखणीत आवाजात नाव पुन्हा पुकारलं. हलगी सुरू झाली.

नंतर काका बाहेर सायकलींच्या स्टँडपाशी एकटेच उभे दिसले. मी प्रसादाची प्लेट पुढे केली. ती त्यांनी घेतली, पण खाईनात.

"तुम्ही शिकवलंत का तिला?" मी विचारलं.

"नाही हो. देवाशप्पथ नाही." त्यांचे डोळे वाहत होते आणि ते पुसायचं त्यांना सुचत नव्हतं. "हे आडनाव मला दिलं, तेव्हा घरातल्यांना वाटत राहिलं, याला जरा जास्तच दिलं. आज कोणीतरी ते माझ्याकडून घेतलं. आणि तेही माझं समजून."